सालोमीमावशीचं शूटिंग

गोखिवऱ्याच्या सिद्धेशने मित्रांना छाती ठोकून सांगितलं होतं, की लग्नांच्या व्हिडिओ कॅसेटी खूप काढल्या, आता एका बाईचं अख्खं आयुष्य टिपतो आणि स्पर्धेत बक्षीसच आणतो! बाई निवडली शेजारच्या सांडोर गावची सालोमीमावशी. मावशीची अट एकच. केळीची वाडी विकू दिली नाही म्हणून रुसून मुंबईला गेलेला तिचा मुलगा वॉल्टर, त्याला ही कॅसेट दाखवायची. वर्षानुवर्षं तो घरी फिरकला नव्हता.

मावशी मरणासाठी जपून ठेवलेलं लाल लुगडं नेसून बसली, कारण तेवढंच नवं होतं. सिद्धेशने वातावरण पाहिजे म्हणून मेणबत्त्या लावल्या. मावशी विहिरीबद्दल, केळीबद्दल, मेलेल्या नवऱ्याबद्दल बोलली, मग "थांब, आठवू दे" म्हणून तिने डोळे मिटले. आणि मिटलेच!

हा सगळा थाट मयताच्या शूटिंगसारखा दिसतोय, हे सिद्धेशच्या ध्यानातच आलं नव्हतं. सांडोरला तो लग्नांइतकीच मयतंही शूट करायचा. परदेशातल्या मुलांना कॅसेट पाठवावी लागते ना! शेजारच्या हिलरीने खिडकीतून कॅमेरा, मेणबत्त्या, लाल लुगडं पाहिलं, क्रूसाची खूण केली आणि धूम ठोकली. थोड्याच वेळात चर्चची घंटा संथ वाजू लागली.

"कोण गेलं रे?" मावशीने डोळे न उघडता विचारलं.

बाहेर तिच्याच नावाने प्रार्थना सुरू झाली होती. मावशी जिवंत आहे हे लोकांना सांगायला सिद्धेश निघाला, तर एका गार हाताने त्याचं मनगट धरलं.

"वॉल्टरला फोन केला का, तेवढं विचार. केला असेल तर मी मेलेली बरी."

फोन गेला होता. मग काय, "शूटिंग चालू आहे, जवळ येऊ नका" असं सिद्धेश सगळ्यांना सांगत राहिला, आणि बिचाऱ्यांनी ऐकलंही.

पण दुपार कलली तशी त्यालाच शंका येऊ लागली. लेन्समधून बघावं तर लुगड्याचा पदर जरासुद्धा हलेना. हळूच हाक मारली, उत्तर नाही. मग मघाशी बोललं ते कोण? मेणबत्त्या विझत आल्या होत्या, आणि त्या बदलायला पुढे जायची त्याची छाती होईना.

संध्याकाळी वॉल्टर आला तो थेट तिच्या पायांवर कोसळला.

"आय, नको मला ती वाडी. एकदा बोल गं माझ्याशी."

मावशीचा एक डोळा उघडला. वॉल्टर मागच्या मागे भिंतीवर आदळला, प्रार्थनेच्या बायका किंचाळत अंगणात पळाल्या!

सिद्धेशला मात्र आनंदाने रडू आलं. असा शॉट आजवर कुणाला मिळाला असेल! तो डोळे पुसत म्हणाला, "मावशी, आता पुढची आठवण सांगा."

मावशीने वॉल्टरचा हात घट्ट धरला होता.

"कसली आठवण? बंद कर ते. पोरगा घरी आलाय."