सुभेदार देवाला सोडला

सुंदररावांनी सही केली, पेनाला टोपण लावून ते खिशाला अडकवलं आणि मग विचारलं, "कशावर केली?"

"ठराव क्रमांक सात," व्हाइस चेअरमन राधाकिशन कागद आपल्याकडे ओढत म्हणाला. "छावणीतल्या समद्या वळूंचं खच्चीकरण. मंगळवारी डॉक्टरीणबाई येणार हायेत चिमटा घिऊन."

"समद्या म्हंजे?"

"समद्या म्हंजे समद्या. रोज झुंजी लागायल्यात. काल एका म्हशीचा पाय मोडता मोडता ऱ्हायला. चेअरमनच्या जनावरापासून सुरुवात करावी, म्हंजे लोकांम्होरं आदर्श ऱ्हाईल, असं बी लिवलंय खाली."

सुंदरराव गावच्या दूध सोसायटीचे अकरा वर्षं चेअरमन होते. सुरुवातीला चेअरमनपद बरंच मोठं होतं. मग एका वर्षी जीप राधाकिशनकडे गेली, कारण त्याला तालुक्याला जावं लागे. पुढल्या वर्षी सभेतला माइक गेला, कारण सुंदररावांचं भाषण लांबत असे. फिरती खुर्ची राधाकिशनच्या पाठीच्या दुखण्यामुळे गेली आणि दुखणं बरं झालं तरी परत आली नाही. आता चेअरमनकडे फक्त सही उरली होती. ती मात्र ते ऐटीत करत. कागद पुढे आला की त्यांचा एकच प्रश्न असे, "कुठं करू?" छातीच्या खिशात चष्मा होता, पण तो फोटोपुरता.

आणि सुभेदार होता. लाल कंधारी जातीचा, अंगावर बोट ठेवलं तर घसरेल असा बैल. या दुष्काळात सोसायटीनं माळावर गुरांची छावणी उघडली, तेव्हा सुंदररावांनी त्याला मुद्दाम फाटकाशी, सगळ्यांना दिसेल असा बांधला होता. बाकीचे वळू दावी तोडत, मुसंड्या मारत. सुभेदार डोळे मिटून रवंथ करी. शेजारी गाय माजावर येऊन हंबरली तरी हा मान वळवत नसे. "खानदानी हाय," सुंदरराव येणाऱ्या-जाणाऱ्याला सांगत. "त्याच्या तोलाची गाय हाय कुठं या तालुक्यात?" गावातली निम्मी वासरं सुभेदारचीच, असंही ते सांगत. कुणी वाद घालत नसे.

ऑफिसातून बाहेर पडताना सुंदररावांचे कान तापले होते. ठराव वळूंसाठी नव्हताच, आपल्यासाठी होता, याबद्दल त्यांना तिळमात्र शंका उरली नाही. जीप नेली, माइक नेला, खुर्ची नेली, आता सगळ्या गावासमोर चिमटा लावणार. स्वतःच्या सहीचा ठराव स्वतःच फिरवायचा तर आणखी हसं. पण काही झालं तरी सुभेदारला हात लावू द्यायचा नाही, हे त्यांनी फाटकापर्यंत पोचेस्तोवर पक्कं केलं.

बायकोचा सल्ला घ्यावा तर केसरबाई नेकनूरला बहिणीकडे, भाचीच्या बाळंतपणाला गेलेल्या. घरी होता तो साठीचा सालगडी आश्रुबा. त्याच्याकडून सल्ला घेणं चेअरमनला शोभलं नसतं, म्हणून त्यांनी त्याला नुसता हुकूम केला.

"आश्रुबा, सोमवारी सुभेदार महादेवाला सोडायचा. हळद-कुंकू, नारळ, समदं आण."

आश्रुबानं मुंडासं सोडलं, पुन्हा बांधलं. "मालक, एक सांगायचं व्हतं. सुभेदार की न्हाई..."

"देवाच्या नंदीला चिमटा लावायची छाती हाय का कुणाची? सांग."

"न्हाई मालक. पर त्यो..."

"मग झालं तर."

सोमवारी सकाळी महादेवाच्या देवळापुढे सुभेदार सोडला गेला. धोंडीराम गुरवानं त्याच्या पुठ्ठ्यावर शेंदराचा त्रिशूळ काढला. रीतीप्रमाणे मालकानं वेसण कापायची असते. सुंदररावांनी ती कोयत्यानं कापली. आश्रुबा नारळ हातात धरून आणखी एकदा "मालक..." म्हणाला. सुंदररावांनी नुसते डोळे वटारले. राधाकिशननं सगळ्यांत पुढे येऊन सुभेदारच्या पायावर डोकं ठेवलं आणि "महादेवाचा नंदी, आपल्या समद्यांचा नंदी," असं जाहीर केलं. मंगळवारी डॉक्टरीणबाई आल्या, सोळा वळू आटोपून गेल्या. सतराव्याकडे बघून त्यांनी हात जोडले. सुंदररावांना त्या दिवशी दोन भाकऱ्या जास्त गेल्या.

पण देवाला सोडलेल्या बैलाला दावं नसतं. छावणीच्या वहीतून त्याचं नाव गेलं, म्हणून रोजचा उसाचा चाराही गेला. वेसण नव्हती, मालक नव्हता, आणि हात उगारणं तर महापाप. सुभेदारनं बुधवारी सकाळी चारी दिशांना बघून घेतलं. कपिलधारचा धबधबा सुद्धा आटलेल्या त्या साली आसपास हिरवं म्हणून एकच होतं. सुंदररावांच्या बोअरला बोटभर पाणी होतं आणि त्यावर अर्धा एकर कडवळ जगवलं होतं. घरच्या तीन गायी पावसापर्यंत त्यावरच निघायच्या होत्या. सुभेदार सरळ तिकडे गेला. रस्ता त्याच्या सवयीचाच होता.

सुंदरराव धावत बांधावर पोचले, तेव्हा त्यानं एक कोपरा साफ केला होता. त्यांनी पायातलं पायताण काढलं. इतक्यात वाटेनं चाललेल्या गीताबाईंनी डोक्यावरचा पदर सावरून सुभेदारला नमस्कार केला आणि सुंदररावांच्या हाताकडे बघितलं.

"पायात खडा गेलता," सुंदरराव म्हणाले आणि पायताण पुन्हा घातलं.

"नशीब लागतंय," गीताबाई म्हणाल्या. "देव सोताहून तुमच्या रानात जेवाया आला."

गुरुवारी सुभेदारनं कडवळाचा दुसरा कोपरा संपवला आणि दुपारी टँकर येऊन गेल्यावर गल्लीतली तीन पिपं पाडली. पिपांचे मालक सुंदररावांच्या दारात आले.

"बैल देवाचा हाय," सुंदरराव म्हणाले.

"मग देवाला सांगा, पिपं भरून दे म्हणावं."

सुंदररावांनी घरचं पाणी दिलं. शुक्रवारी सुभेदार त्यांच्याच ओसरीत येऊन बसला. बायका आरतीचं ताट घेऊन येऊ लागल्या. सुंदररावांना घरात जायला परसातून वळसा घ्यावा लागे. कडवळ निम्म्याच्या खाली आलं होतं. केसरबाई रविवारी परत येणार होत्या आणि त्या कडवळाला त्यांनी स्वतः खांद्यावरून घागरी वाहिल्या होत्या. बाकी कशाला नाही तरी त्या परतीला सुंदरराव भ्यायले. ते देवळात गेले.

"धोंडीराम, दिलेला बैल वापस घेता येतो का?"

गुरवानं कपाळाला हात लावला. "देवाच्या तोंडातला घास हाय त्यो, साहेब. एकच रस्ता हाय. नंदी अभंग लागतो. त्यो जर खच्ची झाला, तर नंदी ऱ्हात न्हाई. मग खुशाल दावणीला बांधा."

सुंदरराव पिंडीपुढे बसले. ज्यापासून पळून इथवर आलो, ते इथं आपली वाट बघत आधीच येऊन बसलेलं होतं. आतल्या आत त्यांना फार वाईट वाटलं. पण गायींचा चारा डोळ्यांपुढे होता आणि त्याहून पुढे केसरबाई होत्या. ते उठले आणि राधाकिशनकडे गेले.

राधाकिशन फिरत्या खुर्चीत एक गिरकी घेऊन थांबला. "गावाच्या वतीनं मी पत्र देतो डॉक्टरीणबाईंना. पर साहेब, एक बारीक कागद हाय, त्याच्यावर सही लागल तुमची."

"करतो. आधी बैलाचं बघा."

"शब्द?"

"शब्द," सुंदरराव म्हणाले.

रविवारी सकाळी अख्खा गाव छावणीच्या फाटकाशी जमला. आलेल्या बाप्यांपैकी निम्म्यांनी पायावर पाय घातले होते आणि बाया कडेला तोंडाला पदर लावून उभ्या होत्या. वेसणीवाचून सुभेदारला खोड्यात घालायचा कसा, हा मोठा प्रश्न होता. दहा गडी दोर घेऊन तयार होते. पण आश्रुबानं नुसतं "चल रं" म्हटलं आणि सुभेदार आपल्या पायांनी खोड्यात जाऊन उभा राहिला. सुंदररावांनी त्याची मान दोन्ही हातांनी धरली. त्यांचे डोळे भरून आले.

"माफ कर मर्दा," ते त्याच्या कानात म्हणाले. "आपलं दोघांचं बी खच्चीकरणच करायचं ठरलंय या लोकांनी. पर मी हाय तुझ्याजवळ. हलू नको."

सुभेदार हलला नाही. डॉक्टरीणबाई लांब दांड्यांचा चिमटा घेऊन मागच्या बाजूला बसल्या. त्यांनी चाचपलं. पुन्हा चाचपलं. मग चिमटा खाली ठेवला.

"काय करायचं होतं याचं?"

"चिमटा लावायचा," राधाकिशन म्हणाला.

"लावलेला आहे. दोन वर्षं तरी झाली असतील."

सुंदरराव मान धरूनच होते. "ह्ये कसं शक्य हाय? गावातली निम्मी वासरं..."

"ती आमच्या दवाखान्यात सुईनं गाभण केलेल्या गायींची," डॉक्टरीणबाई म्हणाल्या. "तुम्ही कधी मागून बघितलं नव्हतं का?"

सुंदररावांनी कधीच बघितलं नव्हतं. पोळ्याला ते हार घेऊन येत आणि हार पुढून घालतात.

"मालक, मालकिणीनं करून घेतलंय, ह्येच सांगायचं व्हतं," आश्रुबा म्हणाला. "तिन्ही येळेला."

एवढ्यात एसटीनं उतरलेल्या केसरबाई हातात पिशवी घेऊन गर्दीतून पुढे आल्या. त्यांनी खोड्यातला बैल बघितला, पुठ्ठ्यावरचा त्रिशूळ बघितला आणि शेवटी नवरा बघितला.

"कुणाला इचारून केलतं ह्ये?" सुंदररावांनी सगळं अवसान गोळा करून विचारलं.

"तुमालाच," केसरबाई म्हणाल्या. "दवाखान्याचा कागद तुमच्याम्होरं धरला. तुमी पंगतीत बसला व्हता. कुठं करू म्हणाला, मी बोट ठिवलं, तुमी केली."

"पर कावून?"

"आवो, दुसऱ्या बैलाला जोड नव्हती. दोन सालं रान कोण नांगरतंय वाटलं तुमाला?"

दोन वर्षं ते सभांना होते. छावणी उघडेपर्यंत सुभेदार मात्र रोज रानात होता, आणि कडवळाची वाट तोंडपाठ असण्याचं कारण आता त्यांना कळलं.

धोंडीराम गुरवानं घसा साफ केला. मुळात बैल खच्ची असल्यानं दान लागूच झालेलं नाही, देवाला बैल पोचलाच नाही, असा निवाडा त्यानं दिला. गीताबाईंनी घातलेले नमस्कार वाया गेले, पण त्या म्हणाल्या, चालायचंच. कुणीतरी हसायला सुरुवात केली आणि मग कुणालाच थांबवेना. सुंदरराव खाली मान घालून उभे होते. अकरा वर्षांत इतकं एकटं त्यांना कधी वाटलं नव्हतं.

हीच वेळ बरी बघून राधाकिशननं कागद पुढे केला, पेनाचं टोपणही काढून दिलं. "साहेब, त्येवढी सही. इथं, खाली."

सुंदररावांनी पेन घेतलं. नेहमीच्या जागी ते टेकवलंही. मग त्यांची नजर सुभेदारकडे गेली. त्यांनी पेन आश्रुबाच्या हातात दिलं, छातीच्या खिशातून चष्मा काढला, धोतराच्या सोग्यानं पुसला आणि नाकावर चढवला.

"लांबलचक कायबी न्हाई," राधाकिशन घाईनं म्हणाला.

सुंदरराव बोट ठेवून मोठ्यानं वाचू लागले. अक्षराला अक्षर लावत वाचत होते, त्यामुळे गर्दीला गप्प व्हावं लागलं. "'माझी... प्रकृती बरी राहत नसल्याने... सह्यांचे सर्व अधिकार... उपाध्यक्षांकडे...'" ते थांबले. "माझ्या प्रकृतीला काय झालंय?"

"तसं लिवायची पद्धत असती."

"ह्याच्यावर मी सही करत न्हाई."

"शब्द दिलता तुमी, साहेब."

"बैल खच्ची करून देता म्हणून दिलता. त्यो तर केलेलाच व्हता. तुमी काय केलं?"

राधाकिशननं गर्दीकडे बघितलं. गर्दी सुंदररावांकडे बघत होती. सुंदररावांनी कागदाची घडी घालून खिशात ठेवली.

"आन् उद्याच्या सभेला मागचे समदे ठराव काढून ठिवा. मला वाचायचेत."

"समदे? अकरा सालांचे?"

"पयल्यापासून. बसायला ती फिरती खुर्ची लागल मला. लई येळ बसावं लागणार हाय."

मग ते सुभेदारच्या मागच्या बाजूला गेले, वाकून नीट बघितलं, आणि पुढे येऊन त्याच्या मानेवरून हात फिरवला. आश्रुबानं मुंडाशातून नवी वेसण काढली. ती त्यानं सोमवारपासूनच वळून ठेवली होती.

घरी केसरबाईंनी उरलेलं कडवळ बघून घेतलं आणि ताट वाढलं. सुंदरराव पाटावर बसले. चष्मा अजून नाकावरच होता.

"एक सांग," ते म्हणाले. "आणखी कशाकशावर सह्या घेतल्यास माझ्या?"

केसरबाईंनी भाकरीवर भाकरी ठेवली. "आधी जेवून घ्या," त्या म्हणाल्या. "मग ट्रंक काढते."