गुणे सरांचा आठ तासांचा पेशंट

गुणे सर वरणाचासुद्धा चार्ट ठेवत.

अतिशयोक्ती करत नाही. आयर्लंडमधल्या नावन गावच्या आमच्या घरात फ्रिजवर भुलीचा चार्ट चिकटवलेला असायचा. ऑपरेशन चालू असताना भूलतज्ज्ञ दर पाच मिनिटांनी नाडी, रक्तदाब, श्वास भरत जातात ना, तसला चौकटी-चौकटींचा कागद. फरक इतकाच, की 'पेशंटचे नाव' या रकान्यात सरांच्या ठसठशीत अक्षरात 'तूरडाळ' लिहिलेलं असे. खाली 'भूल दिली : सहा दहा', 'पहिली शिट्टी : सहा अठरा' आणि शेवटी 'शुद्धीवर येणे : समाधानकारक'. एकदा पोळ्या करपल्या, तेव्हा 'गुंतागुंत' या रकान्यात एकच शब्द होता : 'सर्जन'.

तो सर्जन मी. म्हणजे होऊ घातलेला. दोन हजार अकराच्या उन्हाळ्यात तिथल्या एका हॉस्पिटलात सर्जरीचा ज्युनियर म्हणून लागलो आणि गुणे सरांच्या घरातली वरची खोली भाड्याने घेतली. सर मिरजेचे, भूलतज्ज्ञ, पन्नाशीच्या अलीकडे, एकटे. पहिल्याच दिवशी दारात माझी बॅग माझ्या हातातच ठेवून म्हणाले, "सर्जन काय? बरं. घाई तुम्हाला. आम्हाला नाही. नोंद करा."

'नोंद करा' हा त्यांचा पूर्णविराम होता. ऊन पडलं, नोंद करा. बस वेळेवर आली, नोंद करा. मी जिन्यावरून घसरून आठ पायऱ्या पाठीवर उतरलो, तेव्हाही आधी "नोंद करा" आणि मग "लागलं काय रे?"

त्यांना विजेवरचा स्लो कुकर सापडला आणि ते प्रेमातच पडले. "हे यंत्र आमच्यापैकीच कुणीतरी काढलेलं असणार बघ," ते म्हणायचे. "झाकण लावा, मंद आच ठेवा, आठ तास झोपू द्या. मध्ये उघडायचं नाही. उघडायची हौस कुणाला? सर्जनला." त्यात त्यांनी छोले केले, मसाला दूध केलं. साबुदाण्याची खिचडीही आठ तास झोपवली. ती काढायला उलथनं कमी पडलं आणि चार्टवर नोंद झाली : 'पेशंट दगावला'.

आमच्या घराची एक भिंत शेजारच्या टॉमच्या घराशी सामाईक होती. टॉम निवृत्त बस ड्रायव्हर, त्याची बायको नोरा आणि ब्रुनो नावाचा कुत्रा. त्या ऑक्टोबरात नोरा गेली. इकडे माणूस गेलं की घर उघडं ठेवतात. शव बैठकीच्या खोलीत, माणसांची रीघ, चहाच्या किटल्या आणि सँडविचचे डोंगर. सर जाण्यापूर्वी आंघोळ करून गेले आणि आल्यावर पुन्हा आंघोळ केली. मग खिडकीशी उभं राहून तीन दिवस ती गर्दी पाहिली. चौथ्या दिवशी टॉमच्या दारात एकही गाडी नव्हती.

"आपल्याकडे बरं आहे," सर म्हणाले. "दहा दिवस त्या घरात चूल पेटवू देत नाहीत. शेजारचे पिठलं-भात आणतात. इथं सगळं तीन दिवसांत उरकतात. माणसाला भूक लागते चौथ्या दिवशी. नोंद करा."

मग रोज संध्याकाळी वरण-भाताचा डबा. न्यायचा मी. टॉम दारात उभा राहून "डॉक्टर फारच भला माणूस आहे" म्हणायचा आणि दुसऱ्या दिवशी डबा लख्ख होऊन परत यायचा. सर खूश. आठवडाभराने मी कुंपणापाशी गेलो तर ब्रुनो शेपटी हलवत तयार. त्याचं पोट चांगलं सुटलं होतं. आणि टॉमच्या कमरेच्या पट्ट्याला खिळ्याने पाडलेली दोन नवी भोकं दिसत होती.

मी ही बातमी हसत हसत सांगितली. सर हसले नाहीत.

"चूक आपली," ते म्हणाले. "तो जे खातो ते द्यायला पाहिजे. तो काय खातो?"

"बीफ आणि बटाटा, सर. सगळे तेच खातात."

गुणे सरांनी जन्मात अंड्याचा केकही खाल्ला नव्हता. त्यांनी दीर्घ श्वास घेतला. "मग तेच. आपलं पथ्य आपल्यापाशी."

ते स्वतः कुंपणाशी गेले आणि टॉमला म्हणाले, शनिवारी सहा वाजता तुमच्याकडे बीफ-बटाट्याचं कॅसरोल, म्हणजे मंद आचेवरचा दाट रस्सा, घेऊन येतो. टॉम म्हणाला, "सहा वाजता. बरं. मी टेबल मांडून ठेवतो." नोरा गेल्यापासून त्याने ते टेबल मांडलेलंच नव्हतं. सरांनी हे मला दोनदा सांगितलं. तिसऱ्यांदा सांगताना 'नोंद करा' म्हणायचंही विसरले.

खाटकाच्या दुकानात सरांनी "कुठला स्नायू?" असं विचारलं. खाटीक म्हणाला, पायाचा, नडगीचा. सरांनी त्या स्नायूचं लॅटिन नाव सांगून तो कुठे सुरू होतो नि कुठे चिकटतो हे विचारलं. खाटकाने सुरी खाली ठेवली आणि मला हळूच म्हणाला, "युअर मॅन बरा आहे ना?" 'युअर मॅन' म्हणजे इथल्या बोलीत 'हा गृहस्थ'. मी म्हटलं, ग्रँड आहे, म्हणजे झकास, फक्त शाकाहारी आहे. त्याने सहानुभूतीने अर्धा पाउंड मांस जास्त घातलं.

शनिवारी सकाळी सात वाजता ऑपरेशन सुरू. नवी पाटी, नवी सुरी. मी कापणारा. सर थिएटरमधला मास्क लावून ओट्याच्या दुसऱ्या टोकाला, पेशंटच्या डोक्याशी उभं राहावं तसे. तिथून हुकूम. पीठ लाव. लालसर परत. बटाटे तळाशी, त्यांना शिजायला वेळ लागतो. गाजर, कांदा, थाइमच्या काड्या, वरून मांस. "चव तू बघायचीस," ते म्हणाले. माझं पुण्यातलं घर म्हणजे अंडंसुद्धा गॅलरीत स्टोव्हवर उकडायचं असं. पण आयर्लंडमध्ये उतरल्यापासून मी काय काय खाल्लंय ते आईला कळलेलं नाही, कळायची गरजही नाही.

आठ वाजता झाकण बसलं. सरांची ड्यूटी होती, चार वाजेपर्यंत. "दर अर्ध्या तासाने चार्ट भरायचा," जाताना त्यांनी बजावलं. "झाकणाला हात नाही. काचेतून बघायचं."

आता माझी लबाडी सांगतो. मला दहा वाजता हॉलमधलं क्रिकेट होतं. दर अर्ध्या तासाने घरी येणं शक्य नव्हतं. तेव्हा ज्युनियर डॉक्टर जगभर जे करतात तेच मी केलं : दुपारी चारपर्यंतचा अख्खा चार्ट आधीच भरून टाकला. 'बुडबुडे नियमित.' 'रंग उत्तम.' दोन वाजताच्या रकान्यात तर वास्तवाचा भास यावा म्हणून 'सुगंध जिन्यापर्यंत' असंही लिहिलं. आणि बॅट उचलून निघालो.

निघताना माझ्या हाताने आपलं काम केलं. आईने लावलेली सवय. घराबाहेर पडताना गॅस, गीझर आणि भिंतीवरची सगळी बटणं बंद. इथल्याही प्लगला भिंतीवर बटण असतं. टोस्टर, टक्. किटली, टक्. आणि तिसरं बटण, टक्.

सव्वाचारला मी परतलो तेव्हा सर फ्रिजसमोर उभे होते. एका हातात माझा चार्ट, दुसरा हात कुकरवर. कुकर कोमटसुद्धा नव्हता.

"चार्ट वाचला," ते शांतपणे म्हणाले. "पेशंट सकाळपासून स्टेबल आहे."

मी बॅट दाराशी टेकवली.

"मेलेला पेशंट नेहमीच स्टेबल असतो रे."

"सर, आता लावू या परत..."

"सकाळपासून मांस असंच पडलंय. ते त्या माणसाला घालणार? फेक." त्यांनी घड्याळ बघितलं. "तो टेबल मांडून बसणार आहे."

मी म्हटलं, उद्या नेऊ, मी जाऊन माफी मागतो, सांगतो माझी चूक झाली. सर माझ्याकडे असे बघू लागले, की मी न सांगता खाटकाकडे पळत सुटलो. शटर अर्धं खाली आलं होतं. "युअर मॅन परत?" खाटीक म्हणाला आणि एक शब्द न विचारता पुडी बांधली.

मी धापा टाकत आलो तेव्हा ओट्यावर एक जुना पाच लिटरचा प्रेशर कुकर होता. हँडलला तार गुंडाळलेली, बुडाशी कोरलेलं नाव : 'सौ. इंदिरा गुणे'. सरांच्या आईचा. तूरडाळ नावाचा पेशंट रोज त्यातच झोपायचा. त्यात आजवर वरण-भाताशिवाय काही शिजलेलं नव्हतं.

"सर, यात? हा आईंचा..."

"दुसरा आहे काय आपल्याकडे? काप."

मी कापायला लागलो. सर कांदा परतत होते, मास्क न लावता, पहिल्यांदाच पातेल्याच्या इतक्या जवळ. माझ्याकडे पाठ करूनच बोलले. "आई गेली ते गेल्या वर्षी एप्रिलात. तो ज्वालामुखीच्या राखेचा ढग आला होता ना, विमानं बंद झाली होती, तेव्हा. सहा दिवस. भावानं सगळं केलं, मी फोनवर. इथंच बसलो होतो, या स्टुलावर. दार वाजलं. नोरा. हातात हेच, बीफ आणि बटाटा. तिला काय माहीत मी काय खातो ते. म्हणाली, आज तुम्ही स्वयंपाक करायचा नाही."

मी म्हटलं, "मग?"

"मग काय? काप लवकर. तू सर्जन ना?"

बीफला शिट्ट्या किती, हे आम्हा दोघांनाही ठाऊक नव्हतं. "राजम्याला किती?" सरांनी विचारलं. "सात," मी म्हटलं. "मग हा राजम्याचा थोरला भाऊ समज. नऊ. बटाटे नंतर, दोन शिट्ट्यांना." सहाव्या शिट्टीला सामाईक भिंत पलीकडून ठोठावली गेली आणि टॉमचा आवाज आला, "डॉक्टर, तुमच्या घरात आगगाडी शिरलीय का?" सर भिंतीला तोंड लावून ओरडले, "ग्रँड आहे, टॉम! सहाला येतो!" घाई ज्यांना मंजूर नव्हती ते गुणे सर नवव्या शिट्टीची वाट बघत एका पायावरून दुसऱ्या पायावर होत होते.

चव बघायचं काम माझं. घाईत चमचा तोंडात घातला, जीभ जी भाजली ती दोन दिवस भाजलेलीच राहिली. काही कळलं नाही. "ग्रँड," मी म्हटलं. सगळं स्लो कुकरच्या मातीच्या भांड्यात ओतलं, म्हणजे निदान दिसायला तरी आठ तासांचं. सहाला दोन मिनिटं कमी असताना आम्ही टॉमच्या दारात उभे होतो.

टेबल खरंच मांडलं होतं. इस्त्रीचा टेबलक्लॉथ. ताटली एकच. टॉमने वाढून घेतलं, पहिला घास घेतला. सर खुर्चीच्या कडेवर बसून त्याच्या घशाकडे बघत होते. दुसरा घास. तिसरा. मग टॉमने काटा खाली ठेवला.

"मीठ कमी आहे," तो म्हणाला.

चव मीच बघितली होती. सरांनी माझ्याकडे बघितलंही नाही. त्यांनी हात पुढे केला, टॉमच्या ताटलीच्या कडेवरचा बटाट्याचा एक तुकडा दोन बोटांनी उचलला आणि तोंडात टाकला. रस्सा लागलेला, तसाच. शांतपणे चावला.

"हो," ते म्हणाले. "नोराचंही कमीच होतं."

टॉमने मान वर केली. "तिने तुम्हाला बीफ दिलं होतं? डॉक्टर, तुम्ही तर..."

"बटाटे खाल्ले," सर म्हणाले. "सगळे. त्या दिवशी माझ्यासाठी दुसऱ्या कुणी काही केलं नव्हतं."

टॉम उठला. भिंतीवरच्या कपाटातून, म्हणजे त्यांच्या भाषेत प्रेसमधून, दुसरी ताटली काढली. भांड्यातून एकेक बटाटा निवडून, चमच्याने मांस बाजूला सारत, त्याने ती ताटली भरली आणि सरांसमोर ठेवली. मग स्वतःचा काटा उचलला. दोघंही खाली मान घालून जेवू लागले.

"मी मीठ बघतो," असं म्हणून मी स्वयंपाकघरात गेलो. मिठाची बरणी समोरच होती. मी ती शोधायला बराच वेळ लावला.