ढोलीची किंमत

एका जंगलात, बाळांनो, एक उंबर होता. त्याच्या ढोलीत एक खार राहायची. मोठी देवभोळी. उपवासाला शेंगदाणा चालतो, म्हणून तिचे उपवास जरा जास्तच असायचे.

यंदा तिला दिवस गेले होते. बाळंतपण सुखाचे व्हावे म्हणून ती ओढ्यापलीकडच्या म्हसोबाला नवस बोलायला गेली. परत येते तो ढोलीत घोरपड.

"मावशी, हे माझं घर आहे हो."

"असेल की. मी कुठं नाही म्हणते?" घोरपड म्हणाली आणि आतून अशी चिकटून बसली की शेपटी ओढूनही सुटेना.

खारीला घाई होती. पिल्ले पोटात थांबत नाहीत. ती तडक न्यायालयात गेली.

त्या जंगलात न्यायाला तोटा नव्हता. स्वस्त वस्तूंचे तंटे कासवापुढे चालत, महाग वस्तूंचे गव्यापुढे. म्हणून आधी किंमत, मग न्याय.

"ढोली केवढ्याची?" कासवाने विचारले.

"माझी आई तिथं जन्मली, महाराज. तिला कसली आलीय किंमत?"

"किंमत नाही, तर दावाही नाही."

खार घाबरली. किमतीच्या मानाने शुल्क भरायचे आणि तिच्या गालांत होत्या थोड्याशा शेंगा. "मग मूठभर शेंगांची लिहा," ती म्हणाली.

बोलावणे आले म्हणून हजर झालेली घोरपड ताडकन म्हणाली, "मूठभर? अहो, पूर्वेला दार, वारा खेळता, उशाशी उंबरं! पोतंभर शेंगा मोजल्या तरी अशी ढोली मिळायची नाही."

खारीला बाई बरे वाटले. आपल्या घराचे एवढे कौतुक तिने कधी ऐकले नव्हते.

"मग हे माझ्या कक्षेबाहेरचं," कासव म्हणाले. "गव्याकडे जा."

खारीने जड पोटाने रान पालथे घातले, शेंगा जमवल्या, शुल्क भरले. गव्यापुढे तिने सांगितले, "ढोली पोतंभर शेंगांची आहे, महाराज. मावशीच म्हणाल्या."

"इश्श, ते मी मेलीनं कौतुकानं म्हटलं," घोरपड म्हणाली. "ओल येते, मुंग्या चावतात. फुकट दिली तरी कुणी राहायचं नाही."

"मग तुम्ही का राहता, मावशी?"

"सोसते, बाई. स्वभावच तसा माझा."

गव्याने दीर्घ श्वास सोडला आणि मोजणीला सुतार पक्षी नेमला. तो अतिशय प्रामाणिक होता. लाकूड ठोकून पाहिल्याशिवाय तो त्याची किंमत सांगत नसे. त्याने ढोली आतून ठोकली, बाहेरून ठोकली. घोरपडीने हरकत घेतली, म्हणून पुन्हा ठोकली. हरकतीवर खारीचे म्हणणे आले, म्हणून आणखी एकदा.

तोवर पिल्ले झाली. खारीने शेजारच्या करंजावर पाने आणि काटक्या गोळा करून घरटे बांधले. "तात्पुरतं हं," ती पिल्लांना म्हणाली. "आपलं खरं घर न्यायालयात आहे."

एके दिवशी ढोलीचा तळ निखळला आणि घोरपड धप्पकन खाली आली. सुतार पक्ष्याने गव्याला अहवाल दिला, "महाराज, तळ नाही. मागच्या बाजूने आभाळ दिसते. किंमत शून्य."

"मान्य," घोरपड कंबर चोळत म्हणाली.

"मान्य," खार रडत म्हणाली.

"शून्याचा दावा माझ्यापुढे कसा?" गवा म्हणाला. "कासवाकडे जा."

कासवाला मनापासून आनंद झाला. त्याच्या कारकिर्दीत दोन्ही पक्षांना एकच किंमत प्रथमच मान्य झाली होती. त्याने लगेच निकाल दिला: ढोली खारीची.

खारीने त्या भोकाला हळदकुंकू वाहिले. "सत्याचा विजय झाला," ती म्हणाली आणि करंजावर परतली.

खाली घोरपड मान उंचावून उभी होती. "अगं बाई, काय सुरेख घरटं! ऊबही असेल आत. केवढ्याचं गं?"

खारीने पिल्लांवर शेपटी पसरली.

"कसलं घरटं, मावशी? वाऱ्यानं कचरा अडकलाय."

आयुष्यातले पहिले खोटे, तेही चतुर्थीच्या दिवशी. पण देवाने ते पोटात घातले असावे, कारण घोरपड नाक मुरडून निघून गेली.

तात्पर्य: न्यायालयावर श्रद्धा ठेवावी. तिथे वस्तूची किंमत ठरतेच ठरते. तोवर टिकून राहण्याचा हट्ट मात्र वस्तूने धरू नये.