शफीचाचांचं दुनियापार इंजिन

छावणीतल्या आमच्या गल्लीत कुणाच्या गच्चीवर पाण्याची टाकी असते, कुणाच्या गच्चीवर पापड वाळत असतात. शफीचाचांच्या गच्चीवर अंतराळयानाचं इंजिन आहे. यान अजून नाही. "जहाज काय, पत्रा ठोकून कोणीबी करतंय," चाचा म्हणतात. "इंजिन पायजे."

हे इंजिन चंद्रावर वगैरे जात नाही. चंद्राला चाचा मोजतच नाहीत. "तिथं उतरून करायचं काय? साधी चहाची टपरी नाय." त्यांचं इंजिन एका दुनियेतून दुसऱ्या दुनियेत जातं. दुसरी दुनिया म्हणजे हेच शहर, हीच गल्ली, फक्त एखादी गोष्ट वेगळी. इंजिनाला जुन्या बसचं स्टिअरिंग आहे, मोडक्या कूलरचा पंखा आहे आणि शिलाई मशीनचं पायडल आहे. चाचांनी सगळी उमर टुरिस्ट बस चालवली, अजिंठा बघायला आलेल्यांना घेऊन फर्दापूरपर्यंत. त्यामुळे दुनिया बदलायची त्यांची रीतही घाटातलीच. आधी इंजिन गरम होऊ द्यायचं, मग हॉर्न. "समोरच्या दुनियेतनं बी कोणी येत असंल ना. वळणावर हॉर्न नाय दिला तर ठोकशील."

मी इंग्रजी शाळेत शिकले, दिवसभर घरी कंप्युटरसमोर बसते आणि कुणाचं बोलणं मध्येच तोडत नाही. एवढ्यावर चाचांनी मला इंजिनियर नेमलं. मी एका कंपनीसाठी भाषांतरं तपासते, हे मी त्यांना सांगून पाहिलं. "मग तेच तर," ते म्हणाले, "दोन दुनियांमधलं काम."

दुपारी ते गच्चीवर बोलवतात आणि प्रवासवर्णन सुरू होतं. "काल गेलतो. तिथं नळाला रोज पाणी."

"मग परत कशाला आलात?" शेजारच्या गच्चीवर कपडे वाळत घालताना शिंदेकाकू विचारतात.

"करमंना, वहिनी. टँकर नाय, तर टँकरपाशी लोक बी नाय. बोलायचं कुणाशी?"

"आमचे हे उठून स्वतःचं ताट उचलतात, अशी दुनिया लागली तर सांगा."

"तेवढ्या लांबचं डिझेल नाय माझ्याकडं."

एक दुनिया मात्र चाचांना लागतच नाही. हे त्यांनी काकू खाली गेल्यावर सांगितलं, स्टिअरिंग फडक्यानं पुसत. त्या दुनियेत त्यांची मुलगी नसरीन गॅरेजमध्ये येते, हात पुढे करते आणि म्हणते, "अब्बा, मला बस शिकवा." आणि चाचा तिच्या हातात चावी ठेवतात.

या दुनियेत ते हसले होते. बाकीचे ड्रायव्हर उभे होते, तेही हसले. नसरीन दुसरीकडे शिकली. लायसन्स दाखवायला आली तेव्हा चाचा बस धूत होते, आणि ते धूतच राहिले. आता ती चितेगावला राहते, तिथल्या एका कारखान्यातल्या बायकांची बस चालवते. घरी येत नाही.

"अडतं कुठं?" मी विचारलं. इंजिनियर म्हणून एवढं विचारणं भाग होतं.

"गाडी वळणापर्यंत जाती, बेटा. पुढं धीरच व्हत नाय."

माझी बरीचशी वाक्यं माझ्याजवळच राहतात. हे कसं निसटलं कळलं नाही. "चाचा, चितेगाव याच दुनियेत आहे. पैठण रोडला."

त्यांनी फडकं झटकून स्टिअरिंगवर टाकलं. मग म्हणाले, "ड्रायव्हरला रस्ता सांगती. जा घरी."

मी गेले. नंतर काही दिवस वरून बोलावणं आलं नाही. मी खिडकी लावून काम करत होते, आणि आपण उगाच बोललो असं वाटत होतं.

मग एका दुपारी चाचा दारात उभे. इस्त्रीचा शर्ट, केसांना तेल. "चल. तिच्याशी तू बोल. मला जमायचं नाय." गल्लीत बडबडी माणसं कितीतरी आहेत. त्यांनी मला निवडलं.

रिक्षानं आम्ही चितेगावला गेलो आणि कारखान्याच्या फाटकापासून थोडं पुढं थांबलो. शिफ्ट सुटली, बस बाहेर आली. नसरीननं आम्हाला पाहिलं आणि बस थांबवली. दार उघडलं. मी रिक्षात एक वाक्य तयार केलं होतं, ते आलंच नाही. चाचा शर्टाची बाही नीट करत राहिले. खिडक्यांमधून बायका आमच्याकडे बघत होत्या.

शेवटी नसरीनच म्हणाली, "अब्बा, मागं गाड्या थांबल्यात. बसायचं तर बसा."

चाचा तिच्या बाजूच्या सीटवर बसले, मी मागे. बस निघाली तसा त्यांचा उजवा पाय खाली पत्र्यावर दाबला जाऊ लागला, जणू तिथंही ब्रेक होता. पुढे उसाचा एक ट्रॅक्टर एकदम आडवा आला. नसरीननं बस सावकाश थांबवली, त्याला जाऊ दिलं आणि पुन्हा निघाली. चाचांनी काहीतरी सांगायला तोंड उघडलं.

त्यांनी तोंड मिटलं. मग चपला काढल्या, दोन्ही पाय वर घेऊन मांडी घातली, आणि रस्ता तिच्यावर सोडून खिडकीबाहेरची शेतं बघत बसले.