टिडमार्श साहेबांचा शेवटचा भाग

ऑर्विल टिडमार्श साहेब तरुणपणापासून मरत आले होते. टीव्हीवर आणि सिनेमात, अर्थात. न्यायाधीश, पाद्री, बँक मॅनेजर, काहीही झाले तरी पहिली जाहिरात लागायच्या आत कोणीतरी त्यांचा खून करायचं. एका मालिकेत तर नावं पडद्यावर येण्याआधीच ते तळ्यात तरंगत होते. इंग्लंडात त्यांचा चेहरा घराघरात ओळखीचा, पण नाव कोणालाच आठवत नसे. ते कळायच्या आत साहेब गेलेले असत.

हे सगळं रमण परबाला आखातातल्या अल खौदच्या रस्त्यावर, गाडी चालवताना कळलं. रुसैलच्या एका ट्रान्सपोर्ट कंपनीने त्याला गाडीसकट शूटिंगवाल्यांना दिलं होतं.

"पण या वेळी नाही, रमण," साहेब मागच्या सीटवरून म्हणाले. "या वेळी मी डॉक्टर आहे आणि शेवटच्या भागापर्यंत जिवंत आहे."

"काँग्रॅच्युलेशन, सर."

"मी मेलो की माझी बहीण टीव्ही बंद करून झोपायला जाते. आजवर तिने एकाही मालिकेचा शेवट पाहिलेला नाही. खुनी कोण, हे बिचारीला कधीच कळलं नाही."

रमणने आरशात पाहिलं. साहेब खिडकीबाहेर बघत होते. देवगडच्या माणसाला एवढं पुरेसं होतं.

दुपारी त्याने लाइटवाल्या मुस्तफाला गाठलं. मुस्तफा राजापूरचा.

"मुस्तफाभाय, साहेबासाठी गाऱ्हाणा घालूचा हा. एकट्यान घातलेला पोचना नाय. मागसून कोणीतरी 'होय म्हाराजा' म्हणूक व्हया."

"मी? अरे, तुझा देव माझं ऐकेल काय?"

"गावात ऐकता, मगे हय कित्याक नाय ऐकूचो?"

दुसऱ्या दिवशी सकाळी, शूटिंगच्या बंगल्याच्या उंबऱ्याशी रमण नारळ घेऊन उभा राहिला.

"बा देवा म्हाराजा!"

"होय म्हाराजा!"

"ह्यो आमचो साहेब जल्मभर मरान मरान दमलो. ह्या खेपेक त्येका शेवटपर्यंत जितो ठेव रे म्हाराजा!"

"होय म्हाराजा!"

"कोणाची वाकडी नजर आसात, डायरेक्टराची आसात, ती काढून टाक रे म्हाराजा!"

"हळू, डायरेक्टर मॅडम आली," मुस्तफा म्हणाला आणि राहून जाऊ नये म्हणून घाईने, "होय म्हाराजा!"

रमणने नारळ पायरीवर आपटला. पाणी थेट आतल्या गुळगुळीत फरशीवर गेलं. त्याला फडकं सापडेपर्यंत कॅमेरा सुरू झाला होता.

डॉक्टरची बॅग घेऊन साहेब आत आले, "गुड मॉर्निंग" म्हणाले आणि घसरले. दुसरा कोणी ओरडला असता. साहेब मात्र आयुष्यभराच्या सवयीने पडले: एक हात पसरलेला, डोळे उघडे. बॅगेतली एकच बाटली गडगडत कॅमेऱ्यापर्यंत गेली. 'कट' ऐकल्याशिवाय मेलेल्याने हलायचं नाही, ही त्यांची शिस्त. आणि मॅडम कट म्हणेनात.

"ब्युटिफुल," त्या पुटपुटल्या. मोलकरणीचं काम करणारी बाई खरोखर रडायला लागली होती.

संध्याकाळपर्यंत गोष्ट बदलली. डॉक्टर पहिल्याच भागात गेला आणि उरलेल्या भागांत त्याचा खुनी शोधायचं ठरलं.

रमण चहा घेऊन गेला. "सर, नारळ माझा होता."

साहेबांनी चहा ढवळला. "मला लागलं नाही, रमण. तेच वाईट झालं. लागलं असतं तर मी हललो असतो."

दुसऱ्या दिवशी सेटवर डॉक्टरचा मोठा फोटो जमिनीवर, कपाटाला टेकून ठेवलेला रमणला दिसला. गेलेल्या माणसाचा फोटो असा? त्याला बघवेना. त्याने हॉलच्या समोरच्या भिंतीत खिळा ठोकला, फोटो टांगला आणि देवळाबाहेरून आणलेला मोगऱ्याचा हार घातला.

"हे कोणी केलं?" मॅडमनी विचारलं.

रमण पुढे झाला. मनातल्या मनात त्याने गावी जायची बॅग भरली होती.

"कोणी हात लावायचा नाही त्याला," मॅडम म्हणाल्या. पुढचे सगळे प्रसंग त्याच हॉलमध्ये, त्याच भिंतीसमोर झाले.

पुढच्या वर्षी साहेबांचा इंग्लंडहून फोन आला.

"रमण, बहिणीने शेवटपर्यंत पाहिलं!"

"खुनी कोण, कळलं का त्यांना?"

"हो. ड्रायव्हर."

रमणने गाडी कडेला घेतली.

"पण तिचं तिकडे लक्षच नव्हतं. सगळा वेळ माझ्या फोटोकडे बघत होती. प्रत्येक भागात तिला वाटायचं, आता हा पडणार."

रमण गंभीर झाला. "पडणार कसा, सर? खिळा मी ठोकलेला."