निंबाजी तंतुकार व एक्केचाळीस तारांची हकिकत

श्री. जी भूमी एके ठायी बसत नाही आणि तरी लेकरांस पाठीवर वागविते, तिला प्रथम नमन. राज्यस्थापनेपासून दोनशे सतरावे साल, शोभन नाम संवत्सर, फाल्गुन वद्य तृतीया. त्या दिवशी विशेष काही घडले नाही, म्हणोन तेथून आरंभ करिते.

या राज्याची जमीन मुळापासून चंचल. रोज डोंगर दोन पावले सरके, ओढा कूस बदली, आणि गावे आपल्या जागी राहावीत म्हणोन पूर्वजांनी सीमावीणा करविली. तिला एक्केचाळीस तारा, एकेका गावाची एकेक. तार छेडावी, आणि ती उतरली असेल तर गाव खाली घसरले, चढली असेल तर वर सरकले, ऐसे समजावे, मग खुंटी पिळून गाव जागी आणावे, आणि फळीवर खडूने नकाशा काढून राजवाड्यात धाडावा. हे काम माझे वडील निंबाजी तंतुकार तीस वर्षे करीत होते. वीणा ऐकावयास कर्कश, कारण तारा गावांच्या जागांशी जुळविलेल्या, षड्जाशी नव्हेत. कारभारी त्रिंबकपंत थट्टेने पुसत, "निंबाजी, वीणा वाजवता की जात्यात खडे दळता?" आणि आबा सांगत, "पंत, गावे सुरात वसविली नाहीत. जिथे पाणी लागले तिथे वसविली."

त्या सकाळी आबांनी तारा छेडल्या आणि मला म्हणाले, "कडेवाडी दोन पावले घसरली गं." मी म्हटले, "लौकर माघारी आणा. आत्याबाईंचे चुलीवरचे दूध सांडेल." "तुझी आत्या ओरडली तर डोंगर आपणच माघारी जाईल," ऐसे म्हणोन आबांनी खुंटी पिळली, आणि भाकरी-ठेचा खाल्ला, आणि बोटांच्या भेगांस तेल चोळीत उन्हात बसले. एवढाच तो दिवस.

दुसरे दिवशी परमुलखाचा वकील तहासाठी दरबारी येणार होता. महाराजांची आज्ञा जाहली की सीमावीणा सभेत वाजवावी, आणि पाहुण्याने हसू नये म्हणोन आधी सुरात लावावी. आबा म्हणाले, "पंत, ही गाण्याची नव्हे. खुंट्यांस हात लावाल तर गावे हलतील." पंत म्हणाले, "तीस वर्षांत ज्यास एक वीणा लावता आली नाही, तो ऐसेच बोलणार." मग ते मजकडे वळले. मी दरबारचे गवई केदारबुवा यांजपाशी चार वर्षे शिकले होते, आणि त्याच महिन्यात गाणाऱ्यांच्या ओळीत मला जागा मिळावयाची होती. पंत म्हणाले, "बाई, तुमचा कान तयार आहे. बापाची भीड न धरता सांगा. वीणा सुरात की बेसूर?"

मी सांगितले, "गाण्याच्या मापाने बेसूर." पुढचे वाक्य तोंडाशी आले होते, ते गिळले. आबांनी मजकडे पाहिले.

मग बुवांनी दोन प्रहरांत एक्केचाळीस तारा सुरात आणिल्या, आणि सभा भरली, आणि वीणा ऐसी गोड वाजली की वकील डोळे मिटून डोलू लागला. आणि बाहेर गावे सप्तकासारखी मापून बसू लागली, विहिरी शेतांपासून तुटल्या, दोन वेशी एकमेकींवर चढल्या, आणि कडेवाडी कड्यावरून सुटून नदीकडे उतरू लागली. जासूद धावत आला. आबा उठले. परंतु पाहुणा ऐकत असता कोणी उठू नये ऐसा दरबारचा रिवाज, म्हणोन दोन हुजऱ्यांनी त्यांस खांदे दाबून बसविले. मला त्याच दिवशी गाणाऱ्यांच्या ओळीत बसविले होते. मीही उठले नाही.

वकिलाने मान डोलावून वाहवा केली, मग आबांस सोडिले. त्यांनी आठवणीवरून चाळीस खुंट्या माघारी फिरविल्या आणि चाळीस गावे थांबली. एक्केचाळिसावी तार हात लावताच तुटली. मग आबांनी तिची दोन्ही टोके मुठींस गुंडाळली आणि धरून बसले. तिकडून वाडी ओढी, इकडून आबा. एक प्रहर ऐसे चालले. मी जवळ जाऊन म्हटले, "आबा, सोडा." ते म्हणाले, "खाली कोण राहिले?" इतक्यात दुसरा जासूद आला आणि म्हणाला, "कोणी नाही. माणसे, गुरे, सगळी कड्यावर पोचली. म्हातारी आत्याबाई शेवटी आली, भांडतच." तेव्हा त्यांनी मुठी सोडल्या, आणि वाडी नदीत गेली, आणि आबा वीणेवर कलंडले ते पुन्हा उठले नाहीत.

पुढे तह जाहला. बुवांस शालजोडी आणि पालखीचा मान मिळाला. दप्तरी नोंद पडली की तंतुकाराने तार जुनी ठेविली, सबब वाडी बुडाली. मला आबांची जागा दिली, आणि पंतांनी सांगितले, "या प्रसंगाची बखर तुम्हीच लिहा आणि सभेत वाचा. निंबाजींची चूक सौम्य शब्दांत घाला. कसेही असो, वडील होते."

ती ही बखर. एकंदर मजकूर इतका की चाळीस गावे राहिली, एक बुडाले, माणसे सारी वाचली, आणि वाचविणारा गेला. चुकीची जागा पंतांनी मोकळी ठेविली आहे, ती मी भरिते. सभेने ऐकावे. वीणा बरोबर होती. ती तशीच लागावयास हवी हे मला दहाव्या वर्षापासून ठाऊक होते, कारण आबांनी मला एकेक तार ऐकवून गाव ओळखावयास शिकविले होते. त्या दिवशी मी अर्धे बोलले, कारण मला गाणाऱ्यांत बसावयाचे होते.

आबा, गावे सरकत होती ते मला ऐकू येत होते.