धुक्याचा मुक्काम

आमच्या कारवीदऱ्यात दरवर्षी आषाढात धुकं मुक्कामाला येतं, एका घरी पाटावर बसतं आणि गोष्ट संपल्याशिवाय उठत नाही.

घर कोणतं ते ठरलेलं असतं. गावात बावीस उंबरे आहेत, तेव्हा एकदा बसून गेलं की त्या घराची बारी पुन्हा बावीस वर्षांनी येते. बाकीचं धुकं रानात, गोठ्यात, विहिरीत कुठंही असतं, पण त्याचं ऐकायचं अंग त्या एका घरात चुलीजवळ असतं. दिवेलागणीला घरधनीण गोष्ट सांगायला बसते. धुकं हूं म्हणतं. चांगली सांगणारी असली तर गोष्ट भाद्रपदात संपते, जरा रेंगाळणारी असली तर घट बसेपर्यंत चालते. मग सकाळी धुक्याला खिंडीपर्यंत पोचवायचं, ते कोकणात उतरतं आणि आमच्याकडे ऊन पडतं.

मी गावचा पोलीस पाटील, सावळेराम असवले. पहिले तीन दिवस हजर राहून धुकं कुणाकडे उतरलं त्याची नोंद करणं हे माझ्याकडे आहे. यंदा बारी होती चांगुणाबाई धिंदळे यांची.

चांगुणावहिनीसारखी गोष्ट सांगणारी आमच्या डोंगरात दुसरी नाही. तिच्या गोष्टीतली म्हातारी शिंकली तर ऐकणारा नाक पुसतो. त्यामुळे गाव खुशीत होतं. दशमीला संध्याकाळी धुकं ओट्यावर चढलं, दारातून वाकून आत आलं आणि पाटावर बसलं. वहिनीनं त्याच्यापुढं निखारे सारले, पदर सावरला आणि सुरू केलं, "एक होता माणूस. त्याची म्हैस हरवली."

पहिले दोन दिवस धुक्याचा हुंकार परका होता. त्यात नवल नाही. ते कुठून कुठून फिरून आलेलं असतं आणि वाटेत भेटलेल्या सगळ्यांचा आवाज थोडा थोडा त्याला लागलेला असतो. तिसऱ्या दिवशी मात्र हूं म्हणायच्या आधी ते खोकलं. बारीक, कोरडा, दोन तुकड्यांतला खोकला.

वहिनी थांबली. तिनं माझ्याकडे पाहिलं नाही. चुलीत एक लाकूड घातलं, फुंकर मारली, आणि पुढं सांगायला लागली. मी माझी छत्री तिथंच विसरून घरी गेलो.

तो खोकला खेवजीचा होता. खेवजी धिंदळे, वहिनीचा नवरा, माझा जोडीदार. अठरा वर्षांपूर्वी श्रावणात आम्ही दोघं त्याची म्हैस शोधायला कड्याकडे गेलो. वाटेला फाटा फुटला तिथं तो डावीकडे गेला, मी उजवीकडे. मी हाक मारली, त्यानं ओ दिली. पुन्हा मारली, पुन्हा दिली. तिसऱ्या हाकेला दिली नाही. म्हैस मला सापडली. तिला घेऊन मी गावात आलो, आणि खेवजी आला नाही. चार गावची माणसं महिनाभर दऱ्या धुंडाळत होती.

वहिनीची गोष्ट लांबत गेली. तिच्या गोष्टीतला माणूस एक दरी उतरला की दुसरी चढायचा. एका दरीत त्याला बोलणारा खेकडा भेटला, दुसरीत नुसत्या बायकांचं गाव लागलं, तिसरीत तो पंधरा दिवस एका दगडाशी भांडला. धुकं खोकायचं आणि हूं म्हणायचं. पोळा झाला. घट बसले, उठले.

गावात दिवस कुठला आणि तिन्हीसांजा कुठल्या ते कळेना. माणसं आवाजावर चालायला लागली. बायका हंड्यावर बोटांनी ताल धरून पाण्याला जायच्या, म्हणजे समोरून येणारी बाजूला सरायची. बुधाजी मुठे एका दुपारी शेजारच्या घरात शिरला, जेवला, दोन घटका पडला, आणि पाणी कुणी दिलं त्यावरून त्याला घर चुकल्याचं कळलं. दसऱ्याला आम्ही सोनं वाटलं, पण कुणी कुणाला दिलं ते सांगता येत नाही. वाघबारशीला एक जण वाघ होतो आणि गुराखी त्याला हात जोडतात, पण यंदा वाघ झालेला माणूस कोणता आणि गुराखी कोणता ते ओळखू येईना, म्हणून सगळ्यांनी सगळ्यांना हात जोडले. खोटं कशाला सांगू, ते दिवस वाईट नव्हते. पांढऱ्यात कुठूनतरी घुंगराचा आवाज यायचा, कुठूनतरी भाकरीचा वास यायचा, आणि वाटायचं की आपण कुणाच्या तरी झोपेतून चाललो आहोत, त्याला उठवायला नको.

पण वरई पिकून उभी होती. कापावी तर वाळवायला ऊन नाही. न कापावी तर दाणा झडायला लागलेला. नागलीच्या बोंडांना उभ्या उभ्या कोंब फुटले होते.

गावकी बसली. बोलायला कुणी धजेना, कारण रीत कडक आहे. गोष्ट आवर असं सांगणारीला म्हणायचं नाही. गोष्ट मध्येच तुटली तर ऐकणारा तिथंच राहतो. पलीकडच्या माचीवर एक वाडी आहे, तिथं एका सासऱ्यानं सुनेला गोष्टीतून उठवून भात वाढायला लावलं होतं. त्याला तीस वर्षं झाली. ती वाडी अजून धुक्यात आहे. पोस्टमन टेकाडावर उभा राहून नावं पुकारतो आणि पत्रं सोडून देतो.

शेवटी कुणीतरी तालुक्याला अर्ज केला, आणि सर्कलसाहेब आले. निकाळजे त्यांचं नाव. नेमस्त माणूस. खिंडीपासून त्यांना दोर धरून आणावं लागलं. वहिनीच्या ओट्यावर बसून त्यांनी कागद काढले.

"मुक्काम किती दिवसांचा?"

"आज एकशे आठवा," मी सांगितलं.

"बाईंनी दिवसासुद्धा गोष्ट सांगितली तर निम्म्या वेळात आटोपेल. तसं का करत नाही?"

"दिवसा गोष्ट सांगितली तर मामा वाट चुकतो, साहेब."

"कुणाचा मामा?"

"ऐकणाऱ्याचा."

सर्कलसाहेबांनी पेन थांबवलं. "धुक्याला मामा आहे?"

"नोंद नाही."

त्यांनी लिहिलं, 'मामाबाबत माहिती उपलब्ध नाही.' मग चष्मा पुसून ते आत गेले आणि पाटासमोर मांडी घालून बसले. वहिनी शेतावर गेली होती.

"आपण इथे किती दिवसांपासून आहात?"

धुकं खोकलं. "हूं."

"इथून जाण्याची आपली तयारी आहे का?"

"हूं."

त्यांनी 'होकारार्थी' असं लिहिलं. मी म्हटलं, "साहेब, ते सगळ्यालाच हूं म्हणतं."

"पाटील, माझ्याकडे चाळीस गावं आहेत. सगळीच माणसं सगळ्याला हूं म्हणतात. काम थांबत नाही." पंचनाम्यावर पाच जणांच्या सह्या झाल्या. धुक्यानं कागदाला बोट लावलं, तेवढा भाग ओला झाला, तो त्यांनी अंगठा म्हणून धरला. निघताना मात्र ते दारात थांबले. "बरं वाटलं आत," ते म्हणाले. "माझे वडील असेच बसायचे." आणि दोर धरून गेले.

दुसऱ्या दिवशी दुपारी मी वहिनीच्या वावरात गेलो. ती बांधावर बसली होती. हातात विळा होता, पण कापत नव्हती.

"वहिनी."

"या भावजी. छत्री घरीच ऱ्हायलीय तुमची."

मी शेजारी बसलो. समोर वरई दिसत नव्हती, तिच्यावरून निथळणारं पाणी तेवढं ऐकू येत होतं.

"आवाज त्याचाच ना?" मी विचारलं.

"तुमाला काय वाटतं?"

"खोकला त्याचाच आहे."

"मग झालं तर."

अठरा वर्षं जे घशात होतं ते मी तेव्हा बोललो. "मी डावीकडं जायला पायजे होतं. म्हैस बघितली आन् मला वाटलं, काम झालं. मी तीनदाच हाक मारली. चौथ्यांदा मारली नाय. म्हशीला घेऊन निघालो."

"तिला पारडू होतं घरी, पंधरा दिवसाचं," ती म्हणाली. "तुमी तिला आणली नसती तर ते गेलं असतं. त्या म्हशीच्या दुधावर माझी दोन पोरं वाढली, भावजी."

"तरी पण."

"तरी पण," ती पण म्हणाली. मग विळ्यानं मातीत रेघ ओढत म्हणाली, "संसार केला तेव्हा आमी बोललो कुठं? तो गुरांमागं, मी चुलीमागं. आता चार महिने बोलतेय. रोज वाटतं, उद्या मुद्द्याचं बोलीन. आन् दुसऱ्या दिवशी त्याला आणखी एका दरीत उतरवते."

मला रीत मोडायची नव्हती. मी एवढंच म्हटलं, "वरई झडायला लागली, वहिनी."

"माझी पण उभीच हाये," ती म्हणाली.

त्या संध्याकाळी गावातली बहुतेक माणसं तिच्या ओट्यावर जमली. कुणी बोलावलं नव्हतं. आत दिवा लागला होता आणि त्याच्या उजेडात धुकं पिवळसर दिसत होतं. वहिनीनं आवाज चढवला नाही की उतरवला नाही.

"तर तो माणूस शेवटली दरी चढून आला," ती सांगत होती. "पुढं एक घर. घरात एक बाई. त्यानं तिला ओळखलं नाय, कारण तो लई दमला होता. तिनं त्याला ओळखलं, पण बोलली नाय, कारण तो जेवत होता. तिनं नागलीची भाकर दिली, वरणाला फोडणी दिली. त्याचे पाय शेकले. आन् त्याला म्हणाली, म्हैस घरी आली. पोरं मोठी झाली. थोरला गाडी चालवतो, धाकटीला दोन लेकरं हायेत. मी एकटी हाये पण मला कमी नाय. तुमी आता हिंडू नका."

"हूं," धुकं म्हणालं. या वेळी ते खोकलं नाही.

"गोष्ट पिकली, खुडून झाली, ज्याची त्याच्या पदरात," वहिनी म्हणाली, आणि तिनं दिवा उंबऱ्यावर आणून ठेवला.

सकाळी आम्ही धुक्याला पोचवायला निघालो. वहिनी पुढं, तिच्या हातात फडक्यात बांधलेल्या दोन भाकरी. धुकं तिच्या बरोबरीनं चालत होतं, पोटरीएवढं, आणि गावभर पसरलेलं बाकीचं धुकं वावरांतून, विहिरींतून निघून मागून येऊन मिळत होतं. आमच्या पाठीमागं एकेक घर उजेडात येत होतं, पण मागं वळून पाहायचं नसतं.

खिंडीत वहिनीनं भाकरी दगडावर ठेवल्या. धुकं कोकणच्या अंगाला उतरायला लागलं. निम्मं उतरलं असेल, आणि थांबलं.

"मग?" धुक्यानं विचारलं.

आम्ही जागच्या जागी उभे राहिलो. ऐकणाऱ्यानं मग विचारलं तर गोष्ट संपली असं धरत नाहीत. सांगणारीला पुढचं सांगावंच लागतं, आणि पुढचं किती ते तिच्या हातात असतं. एक वाक्य असेल, नाहीतर आणखी चार महिने असतील. वहिनीच्या केसांवर पाण्याचे बारीक थेंब होते. माझ्या बाजूला बुधाजीनं माझा दंड धरला, त्याचं त्यालाही कळत नव्हतं इतका घट्ट.

मला वाटलं, सांग वहिनी. वरई गेली तर जाऊ दे. हे मी कुणाला नंतर सांगितलेलं नाही.

"मग ती बाई घरी गेली," वहिनी म्हणाली. "तिला काम होतं."

धुकं थोडं थांबलं. "हूं," म्हणालं, आणि खाली उतरून गेलं. कड्याच्या पोटात ते वितळत जाताना दिसत होतं, आणि त्याच्याखाली कोकणातली घरं, एक नदी, रस्त्यावर एक लाल एसटी.

आम्ही वळलो तेव्हा ऊन इतकं होतं की डोळे मिटूनच चालावं लागलं. एकमेकांकडे पाहिलं तर चार महिन्यांत सगळेच जरा म्हातारे झालेले. बुधाजीच्या दाढीत पांढरं आलं होतं आणि त्याला कुणी सांगितलंच नव्हतं.

निम्मी वरई झडली होती, निम्मी हाताला लागली. सगळ्यांनी मिळून आधी वहिनीचं वावर घेतलं. ती ओळीच्या टोकाला होती. विळा चालवत होती आणि बोलत नव्हती, गळा बसला होता तिचा. मी तिच्या शेजारची ओळ धरली. मध्येच तिनं मला खुणेनं पाणी मागितलं. मी तांब्या दिला. ती प्यायली, तांब्या परत दिला, आणि आम्ही बांधापर्यंत कापत गेलो.